दुर्गाबाई खोटे : रिळं आणि कागद काय सांगतात

मराठी सिनेमाचा इतिहास कोणी सांगायला घेतला की दुर्गाबाई खोटे यांच्याविषयीचं एक वाक्य ठरलेलं असतं : घरंदाज कुटुंबातून पडद्यावर आलेली पहिली स्त्री. गौरव अंक असो, पुण्यतिथीचं टिपण असो, वाक्य तेच. त्यामागे सत्याचा अंश आहे, म्हणून ते टिकलं. पण त्याच वाक्यामुळे बाईंच्या पन्नास वर्षांच्या कामाकडे बघायचं राहून गेलं, असं माझं मत आहे. हाताशी असलेली साधनं एकापुढे एक मांडली की चित्र बरंच वेगळं दिसतं.

रामटेकच्या गडाशी ज्यांचा परिचय आहे त्यांना रूढ समज आणि पुरावा यांच्यातल्या अंतराची ही अडचण नवी नाही. वनवासात प्रभू राम इथे विसावले, ही श्रद्धा पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे. त्याच गडावर केवल नृसिंहाच्या मंदिरात वाकाटककाळातला शिलालेख आहे आणि लक्ष्मणाच्या मंदिरात यादवकाळातला. प्रभावतीगुप्तेच्या ताम्रपटात रामगिरीचा उल्लेख येतो. श्रद्धा आपल्या जागी असतेच. पण कोणत्या शतकात कोणी काय बांधलं, हे विचारायचं तर लेखाकडेच जावं लागतं. नटीच्या चरित्रालाही हाच नियम लावायला हवा.

दुर्गाबाईंच्या बाबतीत साधनं चार प्रकारची आहेत. पहिलं, त्यांचं आत्मचरित्र ‘मी, दुर्गा खोटे’. ते १९८२ साली आलं, म्हणजे पडद्यावरच्या पहिल्या कामानंतर एक्कावन्न वर्षांनी. शांता गोखले यांनी केलेला त्याचा इंग्रजी अनुवाद २००६ साली निघाला. दुसरं साधन म्हणजे शिल्लक राहिलेल्या चित्रपटांच्या प्रती. तिसरं, चित्रपटांच्या श्रेयनामावल्या आणि प्रदर्शनाच्या नोंदी. चौथं, पुरस्कारांच्या सरकारी व संस्थांच्या याद्या. आत्मचरित्रात माणसं, घरं, अपमान आणि धडपड जिवंत होतात. पण सत्त्याहत्तराव्या वर्षी लिहिलेल्या आठवणींत काळाचा क्रम लावताना दुसऱ्या पुराव्याचा टेकू घेतलेला बरा. म्हणून इथे आधी तारखा घेतल्या आहेत, आठवणी नंतर.

लाडांची मुलगी, खोट्यांची सून

जन्म १४ जानेवारी १९०५, मुंबईत. माहेरचं नाव विठा लाड. वडील पांडुरंग शामराव लाड सॉलिसिटर, आई मंजुळाबाई. घर गिरगावात कांदेवाडीला, मोठं एकत्र कुटुंब, मूळ गोव्याकडचं, घरातली बोली कोकणी. शिक्षण कॅथिड्रल शाळेत आणि पुढे सेंट झेवियर्स महाविद्यालयात. १९२० च्या दशकातल्या मराठी मुलीसाठी हे शिक्षण मोठं होतं. इंग्रजीवरची पकड, मोठ्यांशी बरोबरीनं बोलायची सवय आणि करारातलं कलम वाचता येणं या गोष्टी पुढच्या आयुष्यात त्यांना अभिनयाइतक्याच उपयोगी पडल्या.

शिक्षण सुरू असतानाच विश्वनाथ खोटे या अभियंत्याशी त्यांचं लग्न झालं. खोटे घराणं श्रीमंत होतं. बकुल आणि हरीन हे दोन मुलगे झाले. पुढे सासरची श्रीमंती ओसरली आणि कमावणं भाग पडलं. शिकवण्या करून भागेना. अशा वेळी सिनेमाचं बोलावणं आलं, आणि तेही खरं तर बहीण शालिनीकडे आलं होतं. तिनं नकार दिला आणि दुर्गाबाईंचं नाव पुढे केलं.

तो चित्रपट मोहन भवनानींचा ‘फरेबी जाल’, साल १९३१. मूकपट आणि बोलपट यांच्या सांध्यावरचं हे काम. त्यात दुर्गाबाईंची भूमिका जेमतेम दहा मिनिटांची. चित्रपट पडला. त्याहून वाईट म्हणजे ‘लाडांची मुलगी, खोट्यांची सून’ असल्या चित्रपटात दिसली म्हणून गिरगावात टीकेची झोड उठली. कला म्हणून, हौस म्हणून त्या या धंद्यात उतरल्या असं म्हणायला जागा नाही. सव्विसाव्या वर्षी, दोन लहान मुलं पदरात असताना, पैशाची गरज होती म्हणून त्या उतरल्या आणि पहिल्याच पावलाला ठेच लागली.

तारामती : १९१३ आणि १९३२

त्यानंतर आला प्रभात फिल्म कंपनीचा ‘अयोध्येचा राजा’. कंपनी तेव्हा कोल्हापुरात होती, दिग्दर्शक व्ही. शांताराम. ६ फेब्रुवारी १९३२ रोजी चित्रपट मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. अकराच महिन्यांपूर्वी, १४ मार्च १९३१ रोजी, याच मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’नं भारतीय पडद्याला बोलकं केलं होतं. ‘आलम आरा’ची प्रत आज कुठेही नाही, ‘अयोध्येचा राजा’ची आहे. त्यामुळे बोलपटाच्या अगदी पहिल्या वर्षातली मराठी नायिका कशी बोलत होती, कशी गात होती, हे आजही डोळ्यांनी पाहून आणि कानांनी ऐकून ठरवता येतं. इतिहास लिहिणाऱ्याला असं भाग्य क्वचित लाभतं.

कथा हरिश्चंद्राची. हीच कथा घेऊन दादासाहेब फाळक्यांनी ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आणला होता. त्यातली तारामती अण्णा साळुंके या पुरुषानं केली होती, कारण त्या कामाला बाई मिळाली नाही. एकोणीस वर्षांनी तीच तारामती झेवियर्समध्ये शिकलेल्या, दोन मुलांच्या आईनं केली. त्या एकोणीस वर्षांत काय बदललं याचं मोजमाप या दोन श्रेयनामावल्या शेजारी ठेवल्या की मिळतं.

प्रत बारकाईनं पाहावी अशीच आहे. हरिश्चंद्र गोविंदराव टेंबे, संगीतही त्यांचंच. नारद मास्टर विनायक. काशीत तारामती विकली गेल्यावर तिच्या वाटेला येणारा गंगानाथ बाबूराव पेंढारकर. पार्श्वगायन १९३५ च्या सुमारास सुरू झालं. त्याआधी नटानं कॅमेऱ्यासमोर उभं राहून गायचं, साजिंद्यांनी चौकटीबाहेर बसून वाजवायचं आणि ध्वनी तिथल्या तिथे टिपायचा, अशी रीत. एकाची चूक झाली की सगळं पहिल्यापासून. शिवाय हा चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत काढला गेला, म्हणजे काम दुप्पट. तारामतीची गाणी दुर्गाबाईंच्याच गळ्यातली आहेत. तो गळा मैफलीचा नाही, पण सूर सुटत नाही आणि शब्द स्वच्छ ऐकू येतो. बोलताना रंगभूमीवरच्या त्या काळच्या हेलाची सावली कमी आहे. इतर पात्रांच्या मोठ्या आवाजाशेजारी हे चटकन जाणवतं. नाटक कंपनीत न घडलेली नटी बोलपटाला का हवी होती, याचं उत्तर याच प्रतीत आहे.

त्याच वर्षी प्रभातचा ‘माया मच्छिंद्र’ आला. त्यात दुर्गाबाई स्त्रीराज्याची राणी किलोतला. राजसत्तेचा तोरा आणि सोबत पाळलेला चित्ता. गांजलेली तारामती आणि हुकूम सोडणारी किलोतला या दोन भूमिका एकाच वर्षातल्या. सोशीक सतीच्या साच्यात त्यांना बसवायचं म्हटलं तर पुढच्याच चित्रपटात साचा मोडतो.

‘पहिली’ कितपत खरं?

आता त्या ठरलेल्या वाक्याकडे येऊ. फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये, १९१३ साली, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी पडद्यावर आल्या. कमलाबाई म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखल्यांच्या आई. ही कोणी ऐऱ्यागैऱ्या घरातली माणसं नव्हती. ‘शिराज’ या १९२८ च्या चित्रपटात एनाक्षी रामाराव होत्या, त्याही सुशिक्षित घरातल्या. ‘आलम आरा’ची नायिका झुबेदा ही फातमा बेगम यांची मुलगी, आणि फातमा बेगम यांनी १९२६ सालीच स्वतः चित्रपट दिग्दर्शित केला होता. तेव्हा ‘पहिली’ हा शब्द काटेकोर अर्थानं टिकत नाही.

मग तो रूढ का झाला? १९२७-२८ मध्ये सरकारनं नेमलेल्या चित्रपट चौकशी समितीचे, म्हणजे रंगाचारियर समितीचे, कागद इथे उपयोगी पडतात. देशभरच्या साक्षीदारांपुढे समितीनं प्रश्न ठेवले, त्यात शिकलेल्या, सुसंस्कृत घरांतल्या स्त्रिया या धंद्यात का येत नाहीत, हा मुद्दा होता. म्हणजे दुर्गाबाई येण्याच्या तीन-चार वर्षं आधीच ही उणीव जाहीर चर्चेचा विषय झाली होती आणि ती भरून काढणारी व्यक्ती कोण याकडे लोकांचे डोळे लागले होते. त्यात त्यांनी ‘मिस अमुक’ असं पडद्यापुरतं नाव घेतलं नाही. सासरचं आडनाव तसंच ठेवलं. ओळखीचं आडनाव पोस्टरवर आलं आणि लोकांनी ‘पहिली’ म्हणून टाकलं. पहिलेपणाचा हा मान खरा तर समाजाच्या अपेक्षेला मिळाला. बाईंचं श्रेय दुसरीकडेच आहे.

एका कंपनीच्या नव्हत्या

ते कुठे आहे, हे कळायला चित्रपटांची यादी सालाप्रमाणे लावली की पुरे. १९३२ : प्रभात, कोल्हापूर. १९३३ : ‘राजरानी मीरा’, न्यू थिएटर्स, कलकत्ता. १९३४ : ‘सीता’, ईस्ट इंडिया फिल्म कंपनी, तीही कलकत्त्याची, दोन्हींचे दिग्दर्शक देवकी बोस. १९३६ : ‘अमर ज्योती’, पुन्हा प्रभात, आता पुण्यात. १९४१ : ‘पायाची दासी’, आचार्य अत्र्यांचा. १९४२ : ‘भरत मिलाप’, विजय भट्टांच्या प्रकाश पिक्चर्सचा. १९४३ : ‘पृथ्वी वल्लभ’, सोहराब मोदींच्या मिनर्व्हाचा.

त्या काळी नट-नट्या महिना पगारावर कंपनीला बांधलेल्या असत. कंपनी सांगेल तो चित्रपट, सांगेल ती भूमिका. दुर्गाबाईंच्या यादीत मात्र दर एक-दोन वर्षांनी कंपनी बदलते, गाव बदलतं, भाषा बदलते. मुंबईची बाई दोन मुलं घेऊन संसार सांभाळते आणि कामासाठी कोल्हापूर, कलकत्ता, पुणे करते, तेही स्वतंत्र करारावर. पगारी व्यवस्थेतून बाहेर पडून स्वतःच्या अटींवर काम करणाऱ्या पहिल्या मोठ्या कलावंतांत त्यांची गणना होते. ‘घरंदाज’ या विशेषणात हे कुठेच येत नाही, कारण ते विशेषण त्या कुठून आल्या तेवढंच सांगतं.

‘सीता’ १९३४ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यात राम होते पृथ्वीराज कपूर. पुढे ५ ऑगस्ट १९६० रोजी ‘मुघल-ए-आझम’ प्रदर्शित झाला, तेव्हा तेच दोघे अकबर आणि जोधाबाई म्हणून समोरासमोर उभे होते. राम-सीता ते अकबर-जोधा हा सव्वीस वर्षांचा प्रवास हिंदी पडद्यावर फार कमी जोड्यांनी केला असेल.

‘अमर ज्योती’ही व्हेनिसला गेला. त्यातली सौदामिनी मुलावरचा हक्क नाकारला गेलेली स्त्री. दाद मागून न्याय मिळत नाही, म्हणून ती समुद्री लुटारू होते आणि हक्क नाकारणाऱ्या राजसत्तेवर सूड घ्यायला निघते. १९३६ साली मुलाच्या ताब्यावरून राज्याशी वैर घेणारी नायिका पडद्यावर उभी करायची, तर बाईच्या आवाजात हुकमत हवी. ती दुर्गाबाईंकडे होती, हे किलोतलेनं चार वर्षं आधी दाखवून दिलं होतं.

छत्तिसाव्या वर्षी सासू

इथे त्यांच्या कारकिर्दीतलं सर्वांत मोठं वळण येतं. ‘पायाची दासी’ आणि त्याची हिंदी आवृत्ती ‘चरणों की दासी’ यांत वनमाला सून आणि दुर्गाबाई सासू. वय छत्तीस. नायिकेच्या वयाला चिकटून राहण्याची सोय असताना त्यांनी खाष्ट सासू पत्करली. पुढच्याच वर्षी ‘भरत मिलाप’मध्ये कैकेयी. बंगाल फिल्म जर्नलिस्ट्स असोसिएशननं या दोन्ही भूमिकांसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला. पुरस्कार नायिकेचा आणि भूमिका सासूची, कैकेयीची. नायिकापद संपल्यावर नटी संपते, या समजाला १९४० च्या दशकातलंच हे कागदोपत्री उत्तर आहे.

रामटेकसारख्या रामकथेच्या गावात वाढलेल्या माणसाला यात आणखी एक गोष्ट जाणवते. कीर्तनात आणि रामलीलेत कैकेयी बहुधा एकाच सुरात रंगवली जाते. दुर्गाबाईंनी आठ वर्षांच्या अंतरानं सीता आणि कैकेयी या दोन्ही भूमिका केल्या. एकाच कथेतली पूजली जाणारी स्त्री आणि शिव्या खाणारी स्त्री, दोन्ही एकाच नटीच्या वाट्याला आल्या आणि दोन्ही लोकांनी मान्य केल्या.

रंगभूमीचा धागाही याच सुमारास जोडला गेला. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाटकांतून त्या उभ्या राहिल्या. ‘भाऊबंदकी’त नानासाहेब फाटकांच्या राघोबासमोर त्यांची आनंदीबाई होती. १९५४ साली शिरवाडकरांनी ‘मॅकबेथ’वरून केलेल्या ‘राजमुकुट’मध्ये पुन्हा हीच जोडी होती आणि दिग्दर्शन हर्बर्ट मार्शल यांचं होतं. कैकेयी, आनंदीबाई, लेडी मॅकबेथ : सत्तेसाठी नवऱ्याला पुढे ढकलणाऱ्या तीन बाया, बारा-तेरा वर्षांच्या आत. संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९५८ सालचा आहे. बोलपटातून नाटकात, हा त्यांचा उलटा प्रवास त्या पिढीत विरळा होता; बहुतेक मंडळी नाटकातून बोलपटात आली होती.

निर्मातीण

आत्मचरित्र वाचणाऱ्यांचं लक्ष बहुधा पडद्यावरच्या दुर्गाबाईंकडे जातं. श्रेयनामावलीत मात्र आणखी एक दुर्गाबाई दिसतात. १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धातच ‘साथी’च्या निर्मितीत त्यांचा हात होता. स्वातंत्र्यानंतर, १९५० च्या दशकात, त्यांनी ‘फॅक्ट फिल्म्स’ उभी केली, पुढे ‘दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स’. लघुपट, माहितीपट, जाहिरातपट हा त्यांचा व्यवसाय तीसहून अधिक वर्षं चालला. या धंद्यात नाव फारसं होत नाही. ग्राहकाच्या मुदतीत, ठरलेल्या पैशात काम हातावेगळं करावं लागतं. अभिनयाच्या उत्पन्नावर उतारवय सोडून न देता दुसरा चरितार्थ उभा करणं, हा त्यांच्या आयुष्यातला सर्वांत व्यवहारी निर्णय.

दूरदर्शन घराघरांत पोहोचलं तेव्हा ही कंपनी तयारीत होती. १९८८ साली सुरू झालेली ‘वागळे की दुनिया’ दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची. आर. के. लक्ष्मण यांची कल्पना, दिग्दर्शन कुंदन शाह यांचं, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर मुख्य भूमिकांत. राजे, देव आणि सती यांच्या कथांत कारकीर्द सुरू केलेल्या बाईंच्या कंपनीनं, त्यांच्या त्र्याऐंशीव्या वर्षी, कचेरीत जाणारा आणि महिनाअखेरीला हिशेब जुळवत बसणारा कारकून छोट्या पडद्यावर आणला. ‘वागळे’ आवडीनं पाहणाऱ्या कित्येकांना निर्मितीमागचं नाव तारामतीचं आहे, याचा पत्ताही नव्हता.

मधल्या काळात चित्रपटातली आई, आजी, मावशी सुरूच होती. ‘आनंद’, ‘अभिमान’, ‘बॉबी’, ‘कर्ज’ ही नावं नव्या पिढीला ठाऊक आहेत. ‘बिदाई’ या १९७४ च्या चित्रपटासाठी फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला तेव्हा त्या सत्तरीत होत्या. त्याआधी १९६८ साली पद्मश्री मिळाली होती. १९८३ सालच्या दादासाहेब फाळके पुरस्काराच्या त्या मानकरी, आणि हा मान मिळालेल्या चौथ्या स्त्री. आधीच्या तिघी देविका राणी, सुलोचना (रूबी मायर्स) आणि कानन देवी. ‘अयोध्येचा राजा’चे दिग्दर्शक शांताराम यांना हाच पुरस्कार दोन वर्षांनी, १९८५ साठी मिळाला. २२ सप्टेंबर १९९१ रोजी दुर्गाबाई गेल्या. चित्रपटांची संख्या दोनशेच्या घरात सांगितली जाते.

निकाल आणि विनंती

सगळे पुरावे एकत्र ठेवले तर निष्कर्ष साधा निघतो. दुर्गाबाई खोटे घरंदाज घरातल्या पहिल्या नटी नव्हत्या. त्या गरजेपोटी कामाला लागलेल्या, शिक्षणाचा पुरेपूर उपयोग केलेल्या, कंपनीच्या दावणीला न बांधलेल्या आणि वय वाढेल तशी भूमिकाच नव्हे तर धंदाही बदललेल्या कष्टकरी बाई होत्या. त्यांचा मोठेपणा कुळात शोधू नये. १९३१ ते १९८८ या सालांच्या यादीत शोधावा.

हा निष्कर्ष काढता आला, कारण काही साधनं वाचली. सगळी वाचली नाहीत. जुन्या नायट्रेट फिल्मला आग चटकन लागते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत त्या काळातली असंख्य रिळं गेली. रिळं गेली की उरतात त्या चित्रपटगृहाच्या दारात विकल्या जाणाऱ्या पातळ पुस्तिका : मुखपृष्ठावर नटीचा फोटो, आत नटसंच, कथासार आणि गाणी. विदर्भातल्या जुन्या वाड्यांत, माळ्यावरच्या ट्रंकांत, वाचनालयांच्या कपाटांत अशा पुस्तिका, हँडबिलं, जुने अंक अजून सापडू शकतात. तुमच्या घरी असतील तर रद्दीत घालू नका. गावच्या ग्रंथालयाला दाखवा, नाहीतर पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे पाठवा. नटसंचाच्या एका ओळीवरून एखाद्या कलावंताचं हरवलेलं वर्ष सापडतं.